अल्थिया गिब्सन : चांदीचे ताट, भाकर मात्र नाही

आम्ही वकिली करतो. बहिष्कार घालायला कायदा लागतोच असे नाही, हे आम्हाला चांगले ठाऊक आहे. अमेरिकेच्या टेनिस संघटनेच्या नियमांत कृष्णवर्णीयांना बंदी लिहिलेली नव्हती. पण राष्ट्रीय स्पर्धेत उतरायचे तर आधी मान्यताप्राप्त स्पर्धांत नाव कमवायचे, आणि त्या स्पर्धा भरत गोऱ्यांच्या क्लबांत. फाटकच बंद, मग नियम कशाला हवा? पालवणकर बाळूंना पुण्यात पॅव्हेलियनबाहेर मातीच्या भांड्यात चहा दिला जायचा, तोही कुठल्या कलमाखाली नव्हता.

अल्थिया गिब्सनचा जन्म १९२७ चा, दक्षिण कॅरोलिनातला. आईबाप वाट्याने कापूस पिकवणारे. पोटासाठी कुटुंब न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत आले. पोरगी रस्त्यावर लाकडी फळीचे टेनिस खेळू लागली. शेजाऱ्यापाजाऱ्यांनी वर्गणी काढून तिला क्लबचे सभासद केले. पुढे ह्युबर्ट ईटन आणि वॉल्टर जॉन्सन या दोन कृष्णवर्णीय डॉक्टरांनी तिला घरी ठेवून शिकविले, खेळविले. शिकलेल्या माणसाने समाजाचे देणे फेडायचे ते असे.

१९५० साली ॲलिस मार्बल या गोऱ्या माजी विजेतीने टेनिसच्याच मासिकातून संघटनेचा समाचार घेतला, तेव्हा कुठे फॉरेस्ट हिल्सचे फाटक उघडले. १९५६ साली ती फ्रेंच स्पर्धा जिंकली. १९५७ आणि १९५८ साली विम्बल्डन आणि अमेरिकन, दोन्ही. राणी एलिझाबेथच्या हातून तिने चांदीचे ताट घेतले.

ताटात भाकर मात्र नव्हती. या स्पर्धा हौशी खेळाडूंच्या. बक्षिसाचा पैसा घेतला की खेळाडू बाद. नियम वरकरणी सर्वांना सारखा. ज्याच्या बापाची इस्टेट आहे त्याने खेळावे, इतरांनी टाळ्या वाजवाव्यात, हा त्याचा खरा अर्थ! १९५८ नंतर तिने हौशी टेनिस सोडले. बायकांसाठी व्यावसायिक स्पर्धा जवळपास नव्हत्याच. मग हार्लेम ग्लोबट्रॉटर्सच्या बास्केटबॉल दौऱ्यात ती प्रदर्शनी सामने खेळली, गाण्याची तबकडी काढली, सिनेमात काम केले. १९६८ साली मोठ्या टेनिस स्पर्धांत पैसा आला तेव्हा तिची चाळिशी उलटत होती.

वाचकहो, आम्हाला तिचा पुढचा काळ अधिक मोलाचा वाटतो. १९६४ साली ती महिलांच्या व्यावसायिक गोल्फमध्ये उतरली, पहिली कृष्णवर्णीय स्त्री म्हणून. विम्बल्डनची विजेती इथे मागच्या रांगेतली खेळाडू होती. १७१ स्पर्धा, विजेतेपद एकही नाही. १९७० साली एकदा बरोबरी साधली, ती प्ले-ऑफमध्ये हातची गेली. काही क्लब आत घेत नसत, तेव्हा मोटारीत बसून बूट बदलायचे आणि मैदानात उतरायचे. हे तिने वर्षानुवर्षे केले.

म्हातारपणी पक्षाघाताने गाठले, औषधपाण्यालाही पैसा उरला नाही. तेव्हा धावून आली अँजेला बक्स्टन, १९५६ ची दुहेरीतली जोडीदार. ती ब्रिटिश ज्यू. क्लबांनी तिलाही दूर ठेवले होते. तिने जगभरातून मदत मिळवून दिली. २८ सप्टेंबर २००३ रोजी अल्थिया गेली. अमेरिकन ओपनच्या आवारात तिचा पुतळा बसला तो २०१९ साली.