दुर्गा खोटे

ब्रह्मपुरी, वडसा, नागभीड या आपल्या झाडीपट्टीत धानाची कापणी झाली की नाटकांचा हंगाम सुरू होतो. रात्रभर चालणारी ही नाटके तुम्ही पाहिली असतील. आज त्यांत स्त्रिया काम करतात. जुन्या दंडारीत मात्र स्त्रीची भूमिका पुरुषच लुगडे नेसून करीत. चित्रपटातही सुरुवातीला असेच होते. दादासाहेब फाळके यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट काढला, तेव्हा राणी तारामतीच्या कामासाठी त्यांना स्त्री मिळाली नाही. शेवटी उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. पुढे काही धाडसी स्त्रिया पडद्यावर आल्या; तरी चांगल्या घरच्या मुलीने चित्रपटात जाणे लोकांना कमीपणाचे वाटे. ही समजूत दुर्गा खोटे यांनी खोटी ठरवली.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईतील लाड या सुखवस्तू घराण्यात झाला. सेंट झेवियर्स महाविद्यालयात त्या शिकल्या. खोटे यांच्या श्रीमंत घरात त्यांचे लग्न झाले. पण पुढे सासरची संपत्ती गेली. पदरी दोन लहान मुले होती. दुर्गाबाईंनी शिकवण्या केल्या. १९३१ साली 'फरेबी जाल' या चित्रपटात छोटे काम मिळाले, तेही त्यांनी केले. चित्रपट लोकांना आवडला नाही आणि दुर्गाबाईंवर टीकेची झोड उठली.

तुम्ही त्यांच्या जागी असता तर काय केले असते? दुर्गाबाई खचल्या नाहीत. 'प्रभात'च्या व्ही. शांताराम यांनी त्यांना बोलावले. १९३२ साली 'अयोध्येचा राजा' हा बोलपट मराठीत व हिंदीत निघाला. त्यात दुर्गाबाई तारामती झाल्या. जी भूमिका करायला एकोणीस वर्षांपूर्वी स्त्री मिळत नव्हती, तीच त्यांनी केली! प्रेक्षकांनी त्यांना डोक्यावर घेतले. ऐन तारुण्यात पतीचे निधन झाले, तरी त्यांनी मुलांना कष्टाने वाढवले.

१९३४ साली 'सीता' या चित्रपटात त्या सीता आणि पृथ्वीराज कपूर राम होते. 'अमर ज्योती'त त्यांनी अन्यायाविरुद्ध उठणारी समुद्रावरची बंडखोर स्त्री रंगवली. १९६० सालचा 'मुघल-ए-आझम' तुम्हांला ठाऊक असेलच. त्यात अकबर झालेल्या पृथ्वीराज कपूर यांच्यासमोर त्या जोधाबाई होत्या. एकीकडे बादशाह पती, दुसरीकडे लाडका सलीम. या आईची घालमेल त्यांनी डोळ्यांतून दाखवली. मराठी घरात वाढलेल्या दुर्गाबाईंच्या तोंडी उर्दू संवाद शोभून दिसले. मेहनत केली की परकी भाषाही आपली होते, हे तुम्ही त्यांच्याकडून शिकावे.

१९८३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. ज्या फाळक्यांना तारामतीसाठी स्त्री मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा हा सन्मान होता. २२ सप्टेंबर १९९१ रोजी दुर्गाबाईंचे निधन झाले. झाडीपट्टीच्या रंगमंचावर आज एखादी मुलगी ताठ मानेने उभी राहते. अशा मुलींच्या वाटेवरचे काटे दुर्गाबाईंसारख्या स्त्रियांनी आधी तुडवले आहेत.