विश्लेषण : तिसऱ्या वर्षी ग्रीक, विसाव्या वर्षी नैराश्य… मिल यांच्या घरात काय घडले?

आगरकरांवर ज्यांच्या विचारांचा मोठा प्रभाव होता, ते इंग्रज विचारवंत जॉन स्टुअर्ट मिल (१८०६-१८७३) लहानपणी शाळेत गेलेच नाहीत. वडील जेम्स मिल हेच त्यांची शाळा.

घरातली शाळा कशी होती?

ग्रीक तिसऱ्या वर्षी, लॅटिन आठव्या. ग्रीक-इंग्रजी शब्दकोश नव्हता, त्यामुळे अडलेला प्रत्येक शब्द जॉन वडिलांना विचारी. त्याच टेबलावर जेम्स ब्रिटिश हिंदुस्थानचा इतिहास लिहीत होते (तोही हिंदुस्थानात कधी पाऊल न ठेवता!). शब्द ते सांगत, चूक मात्र खपवून घेत नसत. तेराव्या वर्षात असताना बोलण्याच्या ओघात जॉनने ‘कल्पना’ हा शब्द वापरला. वडिलांनी लगेच व्याख्या विचारली. ती देता आली नाही म्हणून ते नाराज झाले. सुट्टी नव्हती, बरोबरीचे सवंगडी नव्हते.

भावंडांचे काय?

नऊ भावंडांत जॉन थोरला. आठव्या वर्षीच धाकट्या बहिणीला लॅटिन शिकवण्याचे काम त्याच्याकडे आले, पुढे इतर भावंडांचेही. त्यांचा धडा कच्चा राहिला की जाब जॉनला द्यावा लागे. हे काम त्याला मुळीच आवडत नसे. धाकट्या भावंडांना वडिलांविषयी माया होती. आपल्याबाबत तसे म्हणता येत नाही, निष्ठा मात्र कायम होती, अशी कबुली मिल यांनी आत्मचरित्रात दिली आहे.

विसाव्या वर्षी काय झाले?

सतराव्या वर्षी ते ईस्ट इंडिया कंपनीत नोकरीला लागले. १८२६ मध्ये त्यांनी स्वतःला विचारले, हव्या त्या सगळ्या सुधारणा आज झाल्या तर आपण सुखी होऊ का? उत्तर नकारार्थी आले आणि जगण्यातला रसच गेला. नोकरी, लेखन यंत्रवत चालू राहिले. घरात कुणाला काही कळले नाही. वडिलांना तर सांगणे अशक्यच, कारण त्यांनी इतक्या कष्टाने दिलेले शिक्षण फसले, असा त्याचा अर्थ झाला असता. काही महिन्यांनी मार्मोंतेल या फ्रेंच लेखकाच्या आठवणी वाचताना, वडील गेल्यावर घराचा आधार होऊ पाहणाऱ्या मुलाच्या प्रसंगाशी मिल रडले. आपल्या भावना मेलेल्या नाहीत, हे तेव्हा त्यांना उमगले.

आई कुठे आहे?

१८५१ मध्ये मिल यांनी हॅरिएट टेलर यांच्याशी लग्न केले. पत्नीचा मान राखला नाही, या रागातून आई-बहिणींशी दुरावा आला. १८५४ मध्ये आई वारल्या. १८७३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात वडिलांवर पानेच्या पाने आहेत, आईचा उल्लेखही नाही. पहिल्या खर्ड्यात तिच्याविषयी काही मजकूर होता. तो नंतर वगळण्यात आला.