‘सावकारी पाश’चे बाबूराव

कोल्हापूरच्या मेस्त्री घराण्यात ३ जून १८९० रोजी जन्मलेल्या बाबूरावांना सारा महाराष्ट्र बाबूराव पेंटर म्हणून ओळखू लागला. नाटकांचे पडदे रंगविता रंगविता त्यांना व बंधू आनंदरावांना चित्रपटाचे वेड लागले. १९१६ साली आनंदराव गेले. बाबूरावांनी धीर सोडला नाही. पुढल्याच वर्षी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. कॅमेरा घरीच घडविला. भांडवल कोणा शेठजीचे नव्हे, गायिका तानीबाई कागलकरांचे!

‘सैरंध्री’ने १९२० साली मोठे नाव मिळवून दिले. परंतु बाबूरावांची खरी छाती दिसली ती १९२५ च्या ‘सावकारी पाशा’त. ना. ह. आपट्यांच्या कथेवरील ह्या मूकपटात ना देव, ना राजा. सावकाराच्या कर्जापायी जमीन गमावलेला शेतकरी घर सोडतो आणि शहरात गिरणीची मजुरी धरतो. तरुण शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. राजवाड्यांचे पडदे रंगविण्यात वर्षे घालविलेल्या हातांनी येथे रात्रीची झोपडी आणि रडणारे कुत्रे एवढेच दाखविले. ते रडणे ऐकू येत नव्हते, तरी ज्यांनी पाहिले ते विसरले नाहीत. सामान्य प्रेक्षकाने मात्र पाठ फिरविली. घरचेच दुःख तिकीट काढून कोण पाहणार?

१९२९ साली शांताराम, दामले, फत्तेलाल आदी सहकाऱ्यांनी ‘प्रभात’ स्थापिली. बाबूराव मात्र ती गोष्ट विसरले नव्हते. १९३६ साली त्यांनी ‘सावकारी पाश’ पुन्हा काढला, ह्या वेळी बोलपट म्हणून. १६ जानेवारी १९५४ रोजी ते निवर्तले.