दोन राजवटींना खुपलेला कॅमेरा

जपानी माहितीपटाच्या जडणघडणीत फुमिओ कामेई यांचे स्थान मोलाचे आहे. १९०८ साली फुकुशिमा प्रांतात जन्मलेले कामेई चित्रकला शिकण्यासाठी सोव्हिएत रशियात गेले आणि लेनिनग्राडमध्ये चित्रपटाकडे वळले. क्षयाच्या विकारामुळे त्यांना मायदेशी परतावे लागले. चीनमधील युद्धावर लष्कराच्या पाठिंब्याने त्यांनी १९३९ मध्ये ‘तताकाउ हेइताई’ अर्थात ‘लढणारे सैनिक’ हा माहितीपट केला. त्यात विजयाचा जल्लोष नव्हता; होते थकलेभागले जवान, उद्ध्वस्त चिनी शेतकरी आणि कोसळून प्राण सोडणारा घोडा. माहितीपट दडपला गेला. १९४१ मध्ये कामेई यांना अटक झाली, दिग्दर्शनाचा परवानाही गेला.

युद्धोत्तर ‘निहोन नो हिगेकी’मध्ये (१९४६) त्यांनी जुन्याच प्रचारफितींची नवी जुळणी करून युद्धाचा दोष कोणाचा, हा प्रश्न मांडला. लष्करी गणवेशातील सम्राट हिरोहितो त्यात पाहता पाहता नागरी पोशाखात दिसू लागतात. या वेळी बंदी घातली ती अमेरिकी प्रशासनाने. तरीही कामेई थांबले नाहीत. १९५६ मध्ये त्यांनी अणुबॉम्बच्या झळा सोसलेल्यांची व्यथा पडद्यावर आणली. १९८७ मध्ये त्यांचे निधन झाले. सत्ता बदलली, तरी सत्य दाखवण्याची किंमत बदलत नाही, हेच त्यांच्या आयुष्याने दाखवून दिले.