पहिल्या बोलपटाचा नायक, पण संवाद मोजकेच! कोण होते मास्टर विठ्ठल?

ऊर्जानगर : १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात ‘आलमआरा’ झळकला आणि भारतीय चित्रपट बोलू लागला. दिग्दर्शक अर्देशीर इराणी यांचे नाव सामान्यज्ञानाच्या पुस्तकात गेले. नायक मास्टर विठ्ठल मात्र आज फारसे कुणाला आठवत नाहीत.

सुरुवात कशी झाली?
१९०६ मध्ये जन्मलेले विठ्ठल लहानपणीच नाटकात आले. पुढे बाबूराव पेंटर यांच्या कोल्हापुरातील महाराष्ट्र फिल्म कंपनीत संकलनाचे काम करता करता त्यांना छोट्या भूमिका मिळू लागल्या. ‘कल्याण खजिना’मध्ये (१९२४) तर ते नर्तकी झाले होते.

स्टार कधी झाले?
मुंबईच्या शारदा कंपनीच्या मूकपटांनी त्यांना नायक केले. तलवारबाजी आणि साहसदृश्यांमुळे त्यांची तुलना हॉलिवूडच्या डग्लस फेअरबँक्सशी होई. मूकपटांच्या काळात सर्वाधिक मानधन घेणाऱ्या नटांत त्यांची गणना होती.

कोर्टकचेरी कशासाठी?
‘आलमआरा’साठी त्यांनी शारदाचा करार मोडला. कंपनी कोर्टात गेली. विठ्ठल यांची बाजू बॅरिस्टर महंमद अली जीना यांनी मांडली आणि निकाल विठ्ठल यांच्या बाजूने लागला.

मग घोडे अडले कुठे?
उच्चारांवर. झाडीपट्टीच्या मंडपात रात्रभर रंगणारे नाटक नटाच्या संवादफेकीवर उभे असते. मूकपटात मात्र ती गरजच नव्हती. तिथे विठ्ठल यांचे शरीर बोलत होते. बोलपटाला उर्दू वळणाची भाषा हवी होती आणि ती त्यांच्या जिभेवर बसेना. शेवटी नायकाला बराच वेळ गुंगीत दाखवून संवाद कमी करण्यात आले. खटला जिंकून मिळवलेल्या भूमिकेत त्यांच्या वाट्याला बोलणे थोडेच आले.

पुढे काय झाले?
विठ्ठल थांबले नाहीत. ‘आवारा शहजादा’मध्ये (१९३३) त्यांनी दुहेरी भूमिका केली. नंतर मराठी चित्रपटांत दुय्यम भूमिकाही स्वीकारल्या. १९६९ मध्ये त्यांचे निधन झाले.

त्यांचे काम आज पाहता येते का?
‘आलमआरा’ नाही. त्याची एकही प्रत शिल्लक नाही, फक्त काही छायाचित्रे उरली आहेत. त्यामुळे पहिल्या बोलपटाचा हा नायक आपल्याला दिसतो, पण त्याचे ते मोजके संवाद आता ऐकता येत नाहीत.