बख्त बुलंद शाह आणि त्यांची मुस्लिमेतर रयत

चंद्रपूरच्या परकोटाचे जटपुरा, पठाणपुरा, अंचलेश्वर आणि बिनबा हे चार दरवाजे आपली मुले रोज पाहतात. हा कोट गोंड राजांनी बांधला, हेही त्यांना शाळेत शिकविले जाते. परंतु चांद्याचे राजे आपल्या परंपरागत धर्मात असतानाच उत्तरेकडील देवगडच्या गोंड राजाने इस्लाम स्वीकारला होता, ही गोष्ट आपल्या घरांतून क्वचितच सांगितली जाते. कधी निघालीच, तर शेजारी एक प्रश्न हमखास विचारतात : राजा मुसलमान झाला, मग त्याच्या रयतेचे काय झाले? हा प्रश्न टाळण्यासारखा नाही. म्हणून राजे बख्त बुलंद शाह यांचे चरित्र येथे थोडक्यात देत आहे.

देवगड आज मध्य प्रदेशच्या छिंदवाडा जिल्ह्यात आहे. तेथील जाटबा राजाचा उल्लेख अकबराच्या काळातील आईन-ए-अकबरीत आढळतो. या घराण्यातील महिपत शाह गादीच्या भाऊबंदकीत सापडले व न्याय मागण्यासाठी बादशाह औरंगजेब यांच्याकडे गेले. १६८६च्या सुमारास त्यांनी इस्लाम स्वीकारला, त्यांना बख्त बुलंद म्हणजे उंच नशिबाचा हे नाव मिळाले आणि देवगडची गादीही मिळाली.

येथे मनात शंका येते, ती लपविण्यात अर्थ नाही. ईमान आणि सिंहासन एकाच वेळी पदरात पडले, तर त्या ईमानाची पारख कशी करावी? अंतःकरणाचे ज्ञान केवळ अल्लाहला आहे. तथापि पुढे जे घडले त्यावरून काही अनुमान काढता येते. काही वर्षांतच बख्त बुलंद यांचे बादशाहाशी बिनसले. बादशाह दक्षिणेत मराठ्यांशी झुंजत असताना त्यांनी बंड पुकारले आणि वऱ्हाडच्या मोगली मुलखात धामधूम केली. संतापलेल्या बादशाहाने त्यांना यापुढे निगूनबख्त, म्हणजे पालथ्या नशिबाचा, म्हणावे असे फर्मावले. ज्या दरबारासाठी धर्म बदलला असे म्हणावे, तो दरबारच आता वैरी झाला होता. पूर्वधर्मात परतण्यास त्यांना कोणाची आडकाठी होती? तरीही ते इस्लामवर कायम राहिले आणि त्यांच्या वंशजांनीही हा धर्म सोडला नाही.

आता रयतेकडे वळू. देवगडची प्रजा बहुतांशी गोंड होती व ती गोंडच राहिली. आपल्या पेनांची पूजा, आपले भुमक, आपले सण तिने सोडले नाहीत. राजघराण्यानेही इतर गोंड घराण्यांशी सोयरीक चालू ठेवली, असे जुन्या नोंदी सांगतात. शरीअतच्या दृष्टीने या विवाहांबाबत मला आक्षेप आहेत आणि त्यांचे समर्थन करण्याचा माझा हेतू नाही. परंतु ज्या राजाने आपल्या सोयऱ्यांवरही धर्म लादला नाही, त्याने तो रयतेवर लादला असेल हे संभवत नाही.

याहून मोठे काम त्यांनी जमिनीच्या बाबतीत केले. तो मुलूख जंगलाचा, शेती विरळ. बख्त बुलंद यांनी ठिकठिकाणांहून कष्टाळू शेतकरी आणि कारागीर बोलावून वसविले. हिंदू असो वा मुसलमान, कर्तबगार माणसाला कारभारात स्थान दिले. नागपूरचे इंग्रज रेसिडेंट रिचर्ड जेन्किन्स यांनी १८२७च्या आपल्या अहवालात या राजाची मोकळ्या मनाने प्रशंसा केली आहे. त्यांच्या मते हजारो गावे याच काळात वसली आणि पुढे मराठ्यांच्या राज्यकारभाराला जे यश आले, त्याचा पाया बऱ्याच अंशी बख्त बुलंद यांनी घातला होता. राजापूर बारसा म्हणून ओळखल्या जाणाऱ्या बारा वाड्या एकत्र करून १७०२च्या सुमारास त्यांनी नागपूर शहर वसविले. त्यांचा पुतळा आज त्याच शहरात विधानभवनाजवळ उभा आहे.

मुसलमान सत्ताधीशाने असे वागावे, यात नवल वाटण्याचे कारण नाही. धर्मात जबरदस्ती नसावी ही कुरआनची आज्ञा आहे. माननीय उमर (रजि.) यांच्या खिलाफतीत सीरियातील ख्रिस्ती व यहुदी प्रजा जिझिया देत असे आणि त्या बदल्यात तिच्या जीविताचे व उपासनास्थळांचे रक्षण करणे शासनावर बंधनकारक होते. ६३६मधील यर्मूकच्या लढाईपूर्वी मुस्लिम सैन्याला हिम्स शहर सोडावे लागले. आता रक्षण करणे शक्य नाही, म्हणून घेतलेला कर लोकांना परत करण्यात आला, असे इतिहासकार बलाझुरी यांनी नोंदविले आहे. पुढच्या प्रत्येक सुलतानाने हा दंडक पाळला असे मी म्हणणार नाही. बख्त बुलंदही संत नव्हते. मंडला आणि चांदा या शेजारी गोंड राज्यांचा प्रदेश त्यांनी आपल्या राज्याला जोडला. परंतु तो तंटा मुलखाचा होता, धर्माचा नव्हता. मोगल बादशाह तर त्यांचे धर्मबंधू, आणि लढाई त्यांच्याशीही झालीच.

त्यांच्यामागून चांद सुलतान गादीवर आले. त्यांनी राजधानी नागपुरास आणली, शहराला तट बांधला व जुम्मा तलाव तयार करविला. १७३९च्या सुमारास त्यांचे निधन होताच वारसाचा तंटा पेटला. तेव्हा त्यांच्या विधवा राणी रतनकुंवर यांनी वऱ्हाडातून रघुजी भोसले यांना मदतीस बोलाविले. मुसलमान राजाच्या राणीचे नाव रतनकुंवर होते आणि तिने हिंदू सरदाराकडे मुलांचा हक्क राखण्यासाठी मदत मागितली, हे वाचकांनी ध्यानात घ्यावे. रघुजींनी प्रथम मुलांना गादी मिळवून दिली. पुढे भावाभावांत बेबनाव झाला, तेव्हा १७४३मध्ये सत्ता स्वतःच्या हाती घेतली. बुऱ्हान शाह यांना मात्र नेमणूक देऊन राजा म्हणून मानाने नागपुरातच ठेवले. त्या जुन्या तटाचा जुम्मा दरवाजा आता गांधी गेट या नावाने ओळखला जातो. जुम्मा तलावाला कागदोपत्री गांधीसागर म्हणत असले, तरी नागपूरकर त्याला अजून शुक्रवारी तलावच म्हणतात.