कै. रावबहादूर नारायण मेघाजी लोखंडे

मुंबईतील गिरणी कामगारांना आठवड्याची सुटी मिळवून देणारे पुढारी म्हणून कै. नारायण मेघाजी लोखंडे यांचे नाव आपल्या माळी समाजात घरोघर ठाऊक आहे. ती सुटी त्यांनी कोणत्या युक्तीने मिळविली, हे मात्र फारसे सांगितले जात नाही.

नारायणरावांचा जन्म १८४८ साली ठाणे येथे झाला. शिक्षण बेताचेच. रेल्वेत व टपाल खात्यात नोकरी केल्यावर ते मुंबईतील एका गिरणीत भांडारपाल झाले. तेथे कामगारांचे हाल त्यांनी डोळ्यांनी पाहिले. महात्मा फुले यांच्या सत्यशोधक समाजाचे ते निष्ठावंत कार्यकर्ते होते. भालेकरांनी पुण्यास काढलेले व पुढे बंद पडलेले ‘दीनबंधु’ पत्र त्यांनी १८८० पासून मुंबईतून चालविले.

१८८१ च्या फॅक्टरी कायद्याने मुलांच्या कामाचे तास ठरविले. प्रौढ कामगारांस त्यातून काहीच लाभले नाही. १८८४ साली सरकारने चौकशी मंडळ नेमताच नारायणरावांनी संधी साधली. सप्टेंबरात परळ भागात सभा भरवून त्यांनी सुमारे ५,५०० कामगारांच्या सह्यांचा अर्ज तयार केला. रविवारची सुटी, दुपारी अर्धा तास विश्रांती, सकाळी साडेसहा ते सूर्यास्त एवढेच काम, पंधरा तारखेच्या आत पगार आणि जायबंदी कामगारास साहाय्य, एवढेच त्यात मागितले होते. वेतनवाढीचा शब्दही नव्हता! मालकास नाकारताना लाज वाटावी, अशाच मागण्या त्यांनी निवडल्या होत्या, असे आम्हांस वाटते. त्याच वर्षी त्यांनी ‘बॉम्बे मिल हॅण्ड्स असोसिएशन’ स्थापन केली.

या संस्थेजवळ वर्गणी नव्हती, सभासदांची नोंदवही नव्हती, लेखी नियमही नव्हते. म्हणून काही अभ्यासक तिला खरी कामगार संघटना मानीत नाहीत. आक्षेप खरा आहे. परंतु ज्याला पगारच महिनोन्‌महिने थकून मिळे, त्याच्याकडून वर्गणी कशी घ्यावी? पैशाची उणीव नारायणरावांनी सह्यांनी, सभांनी व वर्तमानपत्राने भरून काढली.

चौकशीतून लगेच काही निष्पन्न झाले नाही. सहा वर्षे त्यांनी चिकाटी सोडली नाही. २४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारे दहा हजार कामगार जमले आणि दोन स्त्री कामगारांनी त्या सभेत भाषणे केली, ही गोष्ट आमच्या भगिनींनी अवश्य ध्यानी घ्यावी. १० जून रोजी गिरणीमालकांच्या संघाने रविवारची सुटी मान्य केली. त्याच वर्षीच्या फॅक्टरी कमिशनला नारायणरावांनी साहाय्य केले, आणि १८९१ च्या कायद्यात आठवड्याची सुटी व मधली विश्रांती आली.

१८९३ च्या हिंदु-मुसलमान दंग्यात त्यांनी सलोख्यासाठी खटपट केली. रावबहादूर ही पदवी त्यांस त्यानंतर मिळाली. पुढे मुंबईत प्लेगने थैमान घातले. लोकांच्या सेवेत असताना त्यांनाच तो जडला व ९ फेब्रुवारी १८९७ रोजी त्यांचे निधन झाले. वय अवघे एकोणपन्नास.

भारत सरकारने २००५ साली त्यांचे टपाल तिकीट काढले. आपल्या अक्कलकुव्याच्या सातपुड्यात गिरणीचा भोंगा कधी वाजला नाही; पण ऊसतोडीसाठी गुजरातेत जाणाऱ्या येथल्या मजुरांच्या पदरी ठरलेली साप्ताहिक सुटी अजून सहसा पडत नाही.